वज्रमुष्टी : एका लढतीच्या इतिहासाची साधने

बडोद्याच्या सयाजीबागेतील संग्रहालयात एक दगड जपून ठेवलेला आहे. दिसावयास त्यात विशेष काही नाही. त्यावर शिल्प नाही की राजचिन्ह नाही. केवळ त्यावर कोरलेल्या मजकुरामुळे त्याला संग्रहालयात जागा मिळाली. २३ डिसेंबर १९०२ रोजी गुलाम महंमद याने, म्हणजे पुढे ‘गामा’ या नावाने जगभर गाजलेल्या पहिलवानाने, हा दगड उचलला असे तो मजकूर सांगतो. दगडाचे वजन बाराशे किलो असल्याचे सर्वत्र सांगितले जाते. एवढे वजन एकट्या माणसाने कितपत उचलले असेल, उचलले की नुसते हलविले, यावर तालमीच्या ओट्यावर बसणाऱ्या जाणत्यांनी खुशाल वाद घालावा. इतिहासाच्या अभ्यासकाला त्या दगडावरील दोनच गोष्टी मोलाच्या वाटतात : एक तारीख आणि एक नाव.

याच बडोद्यात त्याहून जुनी आणि त्याहून कितीतरी रक्तरंजित अशी एक लढत राजाश्रयाने होत असे. ती वज्रमुष्टीची लढत. तिच्यात उतरणारे मल्ल गामाइतकेच जिवावर उदार होते. किंबहुना अधिकच, कारण येथे केवळ चीतपट होऊन भागत नसे. परंतु त्यांच्यापैकी कोणाच्याही नावाचा दगड सयाजीबागेत नाही. हा इतिहास आज जो काही हाती लागतो तो कोणी, कशासाठी आणि कोठे जपला, हा प्रश्न म्हणूनच महत्त्वाचा ठरतो. ऐतिहासिक साधनांचे मोल मराठी वाचकाला नव्याने सांगावयास नको. राजवाडे, पारसनीस, खरे यांनी घरोघरीची दफ्तरे धुंडाळून ते केव्हाच पटवून दिले आहे. मात्र ती दफ्तरे राज्यांची, सरदारांची, देवस्थानांची होती. आखाड्याला दफ्तर नसते. तेथली विद्या अंगात असते आणि अंगाबरोबर जाते.

प्रथम ही लढत म्हणजे काय ते सांगणे इष्ट होईल. वज्रमुष्टी हे मुठीवर चढवावयाचे हत्यार. बहुधा शिंगाचे केलेले, बोटांत अडकविता येईल असे आणि आवळलेल्या मुठीच्या पुढे बोथट वा टोकदार दाते काढलेले. ते एका हातात असे. दुसरा हात मोकळा राही. त्यामुळे लढतीत कुस्तीचे पेच आणि मुठीचे प्रहार अशी दोन्ही अंगे एकत्र येत. शिवचरित्रामुळे घरोघरी ठाऊक असलेल्या वाघनखाशी तिची गल्लत पुष्कळदा होते. वाघनख तळहातात लपते, वज्रमुष्टी मुठीवर दिसते. एक घाताचे हत्यार, दुसरे उघड्या आखाड्यातले. बडोद्यात मात्र हिला ‘नखीची कुस्ती’ असेही म्हणत असावेत, कारण परदेशी प्रवाशाच्या कानांनी टिपलेले नाव तेच आहे.

तो प्रवासी म्हणजे लुई रूसले. हा तरुण फ्रेंच गृहस्थ १८६३ च्या सुमारास हिंदुस्थानात आला, संस्थानांतून हिंडला, आणि खंडेराव महाराजांचा पाहुणा म्हणून बडोद्यात राहिला. १८७५ मध्ये पॅरिसहून निघालेल्या त्याच्या सचित्र प्रवासग्रंथात बडोद्याच्या दरबाराची वर्णने विपुल आहेत. खंडेराव (कारकीर्द १८५६ ते १८७०) स्वतः तालीमबाज होते, मल्लांचे आणि हत्तींच्या साठमारीचे शौकीन होते. रूसलेने पाहिलेल्या नखीच्या कुस्तीत मल्ल डोक्यावर आणि गळ्यात फुले माळून उतरत. भांग आणि अफू यांच्या कैफात ते गात गात एकमेकांवर धावत. मुठीला शिंगाची नखे वाद्यांनी घट्ट बांधलेली असत. पूर्वी ही नखे पोलादाची असत आणि लढत बहुधा एकाच्या मृत्यूनेच संपे. ती प्रथा फार क्रूर म्हणून सोडून देण्यात आली होती, असे तो सांगतो. थोड्याच वेळात दोघांची डोकी व तोंडे रक्ताने माखत. विजयी मल्लावर महाराज हार आणि इनामे उधळीत. लढतीत महाराज इतके रंगून जात की मान पुढे काढून, हातांनी मल्लांच्या हालचालींची नक्कल करीत बसत, हे त्याचे निरीक्षण कोणत्याही दरबारी बखरकाराने लिहिले नसते. रूसलेला स्वतःला हा प्रकार असह्य झाला. परंतु असह्य झाला म्हणून त्याने तो लिहावयाचा टाळला नाही, आणि ग्रंथात त्याचे चित्रही दिले. बडोद्यातील वज्रमुष्टीचे सर्वांत ठसठशीत साधन ते हेच.

त्याच्या लेखनाची मर्यादाही तेथेच दिसते. महाराजांचे नाव आहे, हत्यार आहे, कैफाच्या द्रव्यांची यादी आहे. लढणारा मात्र नुसता ‘मल्ल’ आहे. तो कोणत्या गावचा, कोणाचा शागीर्द, त्या दिवशी घरी कसा परतला, याचा थांग त्या वर्णनातून लागत नाही. रूसलेला दोष देण्यात अर्थ नाही. त्याच्यापुढे एक देखावा होता आणि त्याने देखावा लिहिला.

साडेतीनशे वर्षे मागे गेले तरी हीच गोष्ट आढळते. विजयनगरच्या महानवमी उत्सवाची वर्णने दोन पोर्तुगीजांनी लिहून ठेवली आहेत. १५२० च्या सुमारास आलेल्या दोमिंगो पायशला तेथल्या मल्लांचे झुंजणे आपल्या देशातील कुस्तीहून निराळे वाटले. दात पडतील, डोळे जातील, चेहरा ओळखू येणार नाही असे तडाखे बसतात आणि कित्येकांना साथीदार उचलून नेतात, असे तो लिहितो. त्यानंतर दहा-पंधरा वर्षांनी लिहिणारा फर्नांव नुनीश अधिक नेमके सांगतो : मल्लांच्या हातांत टोके असलेली दोन कडी असतात, त्यांनी ते एकमेकांना जखमी करतात, आणि जो अधिक घायाळ होतो तो पुढे होऊन रेशमी वस्त्राचे बक्षीस घेतो. अधिक घायाळ झालेल्याला बक्षीस, हा तपशील विचार करण्याजोगा आहे. ज्या लढतीत रक्त हाच देवीला किंवा राजाला अर्पण करावयाचा भाग असतो, तेथे हार-जीत या शब्दांचा अर्थ बदलतो. या दोन्ही वृत्तांतांची हस्तलिखिते पॅरिसच्या ग्रंथालयात पडून होती. दाविद लोपिश या पोर्तुगीज पंडिताने ती १८९७ मध्ये लिस्बनला छापली आणि रॉबर्ट स्यूएल याने १९०० मध्ये त्यांचे इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केले. ती हस्तलिखिते त्या ग्रंथालयाने साडेतीन शतकांनंतरही सांभाळली नसती, तर तुंगभद्रेकाठच्या त्या मल्लांविषयी आज एक ओळही वाचावयास मिळाली नसती.

परकीयांच्या वृत्तांतांत बाहेरून पाहणाऱ्याची नजर असते. आतील बाजू पाहावयाची तर संस्कृत ग्रंथांकडे वळावे लागते, आणि येथे बडोद्याचा वाटा मोठा आहे. चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने ११२९ च्या सुमारास रचलेल्या ‘मानसोल्लास’ या ग्रंथात राजाच्या करमणुकींच्या प्रकरणांमध्ये ‘मल्लविनोद’ आहे. मल्लांची निवड, त्यांचा राजाच्या खर्चाने चालणारा आहार, त्यांचे श्रम म्हणजे व्यायाम, आणि अखेरीस राजासमोर होणारी लढत असा त्याचा विस्तार आहे. खांबावरील व्यायामाचा, स्तंभश्रमाचा, त्यातील उल्लेख मल्लखांबाचा इतिहास सांगणाऱ्यांनी वारंवार दिलेला आहे. हा ग्रंथ गायकवाड प्राच्यविद्या ग्रंथमालेत गजानन कुशाबा श्रीगोंदेकर यांनी संपादित केला. पहिला भाग १९२५ मध्ये निघाला, दुसरा १९३९ मध्ये आणि तिसरा १९६१ मध्ये. छत्तीस वर्षे एका ग्रंथाच्या मागे, ही गोष्ट ग्रंथालयाच्या सभासदांना तरी निराळी समजावून सांगण्याचे कारण नाही.

दुसरा ग्रंथ ‘मल्लपुराण’. हे पुराण मोढेराच्या परिसरातील ज्येष्ठीमल्ल ऊर्फ जेठी या ज्ञातीचे आहे. ही ब्राह्मणांची एक शाखा. मल्लविद्या हाच त्यांचा कुलधर्म. देलमालची लिंबजा माता, म्हणजे निंबाच्या झाडात वसणारी देवी, ही त्यांची कुलस्वामिनी. श्रीकृष्ण आणि बलराम मथुरेहून द्वारकेला जाताना वाटेत थांबले आणि त्यांनी सोमेश्वर नावाच्या ब्राह्मणाला मल्लविद्या दिली, अशी या पुराणाची मांडणी आहे. मात्र कथेचा धागा सोडला की पुढे हा ग्रंथ अगदी व्यवहारी होतो. आखाड्याची माती कशी असावी, कोणत्या ऋतूत काय खावे, कोणता व्यायाम केव्हा करावा, कोणत्या मल्लाने कितपत श्रम घ्यावेत, याची चर्चा त्यात येते. संस्कृत व्याकरणाच्या दृष्टीने ग्रंथ फारसा निर्दोष नाही. पंडितांनी त्याकडे दीर्घकाळ दुर्लक्ष केले असेल तर त्याचे हेही एक कारण असावे. डॉ. भोगीलाल सांडेसरा आणि डॉ. रमणलाल नागरजी मेहता यांनी तो संपादून १९६४ मध्ये बडोद्याच्या प्राच्यविद्या मंदिरातर्फे प्रसिद्ध केला.

या दोन ग्रंथांतील एक साम्य मोठे बोलके आहे. ‘मानसोल्लासा’त मल्लांचे जे वर्ग सांगितले आहेत त्यांत ज्येष्ठिक आणि अंतरज्येष्ठिक हे आहेत, ‘मल्लपुराणा’तही ज्येष्ठी आणि अंतरज्येष्ठी हे शब्द येतात. कल्याणीच्या दरबारात जो दर्जा होता तो मोढेराच्या बाजूला कालांतराने ज्ञातीचे नाव होऊन बसला, असे मानण्यास जागा आहे. या ज्ञातीतील मल्ल गुजरातेतून निरनिराळ्या दरबारांकडे गेले. बडोद्यात ते जेठी राहिले, म्हैसुरात त्यांचे जट्टी झाले. नाव दर्जाचे असो वा ज्ञातीचे, ते समूहाचे आहे. व्यक्ती येथेही अंधारातच राहते.

मराठीत या विद्येची साधने एकत्र करण्याचा मोठा उद्योग बडोद्यातच झाला. दत्तात्रय चिंतामण मुजुमदार यांच्या ‘व्यायाम ज्ञानकोशा’चे दहा खंड १९३६ ते १९४९ या काळात प्रसिद्ध झाले. त्या तेरा वर्षांत जग युद्धात होते, कागदाची टंचाई होती, देश स्वतंत्र झाला आणि संस्थानच विलीन झाले. कोशाचे काम मात्र चालू राहिले. कुस्ती, मल्लखांब, लाठी, फरीगदगा, लेझीम, देशी खेळ असा या खंडांचा पसारा आहे, आणि त्यातील छायाचित्रे हा त्याचा खरा ठेवा आहे. डाव शब्दांत सांगता येतो, पण पाय नेमका कोठे आणि मान कोणत्या बाजूला हे छायाचित्राशिवाय कळत नाही. १९५० मध्ये या कोशाचा इंग्रजी संक्षेप बडोद्याहूनच निघाला. परदेशी अभ्यासक वज्रमुष्टीविषयी लिहिताना आजही या संक्षेपाचा आधार घेतात. मूळ मराठी दहा खंडांपर्यंत त्यांतील थोडेच पोहोचतात.

मुजुमदारांना हे काम करता आले याचे कारण बडोद्याच्या हवेतही होते. जुम्मादादांच्या तालमीची परंपरा येथे होती. त्यांचे शिष्य राजरत्न प्रोफेसर माणिकराव (निधन १९५४) यांनी आखाड्याला कवायतीची शिस्त दिली, देशी शस्त्रांचे शिक्षण चालू ठेवले आणि हाडवैद्यक जपले. म्हणजे एकीकडे माहिती देणारे वस्ताद हयात होते, दुसरीकडे ती उतरवून घेणारा संपादक होता, आणि छापखाने व ग्रंथालये सयाजीराव महाराजांच्या धोरणामुळे हाताशी होती. असा योग पुन्हा जुळून आलेला नाही. तरीही कोशाचा स्वभाव कोशाचाच. त्याचा हेतू विद्या शिकविण्याचा आहे. पेच सर्वांना यावा म्हणून तो लिहिला जातो, आणि तो पेच अमुक दसऱ्याला अमक्याने कसा टाकला याला तेथे सहसा जागा मिळत नाही.

येथे इंग्लंड-अमेरिकेतील मुष्टियुद्धाच्या इतिहासाशी तुलना करण्याचा मोह होतो, आणि तो आवरण्याचे कारण नाही. कारण तिकडील चित्र नेमके याच्या उलट आहे. जॅक ब्रॉटनने १७४३ मध्ये लंडनला मुष्टियुद्धाचे पहिले लेखी नियम केले. तेव्हापासूनच्या लढती आणि लढवय्ये यांचा वृत्तांत पिअर्स ईगन या वार्ताहराने ‘बॉक्सियाना’ या ग्रंथमालेत १८१२ पासून छापावयास घेतला. विद्यापीठात ज्याला कोणी उभे केले नसते अशा या लेखकामुळे टॉम मॉलिनो हे नाव टिकले. मॉलिनो हा गुलामीतून सुटून अमेरिकेतून आलेला कृष्णवर्णी मुष्टियोद्धा. १८१० आणि १८११ मध्ये तो इंग्लंडचा अजिंक्यवीर टॉम क्रिब याच्याशी दोनदा लढला, दोन्ही वेळा हरला, आणि १८१८ मध्ये आयर्लंडमध्ये दारिद्र्यात मेला. ज्याच्यामागे ना जात होती, ना दरबार, अशा हरलेल्या माणसाचे वर्ष, गाव, प्रतिस्पर्धी आणि लढतीचा क्रमही आज सांगता येतो.

याचे कारण इंग्रजांच्या इतिहासप्रेमात शोधण्यापेक्षा त्यांच्या पैजेच्या वेडात शोधावे. ज्याच्यावर पैसा लावावयाचा त्याचे नाव, वजन, आधीच्या लढती हे सारे ठाऊक असावे लागते; ते छापणारा हवा असतो आणि विकत घेणाराही. बडोद्याच्या लढतीत पैजेऐवजी महाराजांची मर्जी होती. मल्ल दरबारचा पोशिंदा होता, त्याचा हिशोब फार तर कारखान्याच्या वहीत. नाव ठेवण्याची गरज तेथे बाजाराने निर्माण केली, येथे ती कोणालाच भासली नाही.

तिकडे पुढे या साधनांचा संग्रह हे एक स्वतंत्र कामच झाले. नॅट फ्लायशर याने १९२२ मध्ये ‘द रिंग’ हे मासिक काढले आणि पन्नास वर्षे, १९७२ मध्ये मृत्यू येईपर्यंत, लढतींच्या नोंदी, छायाचित्रे, हातमोजे, पट्टे जमविले. कृष्णवर्णी मुष्टियोद्ध्यांचा इतिहास त्याने पाच भागांत लिहिला, तोही अमेरिकेत त्यांना पुष्कळ ठिकाणी समान वागणूक मिळत नव्हती अशा काळात. चित्रपटांची कथा आणखी निराळी. १९१० मध्ये जॅक जॉन्सन या कृष्णवर्णी विजेत्याने जेम्स जेफ्रीजला हरविले, त्या लढतीच्या चित्रपटाने गोऱ्या समाजात असा क्षोभ झाला की १९१२ मध्ये मुष्टियुद्धाच्या फिती एका राज्यातून दुसऱ्या राज्यात नेण्यास बंदी करणारा कायदा अमेरिकेने केला. तो १९४० पर्यंत टिकला. एवढ्या काळात कित्येक फिती नष्ट झाल्या. ज्या उरल्या त्या शोधून विकत घेण्यात जिम जेकब्स आणि बिल केटन या दोघांनी आयुष्याची वर्षे घातली. जॉन्सनच्या त्या लढतीचा चित्रपट २००५ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट-सूचीत दाखल झाला. ज्या फितीवर सरकारने बंदी घातली, तीच पुढे त्याच देशाने राष्ट्रीय ठेवा म्हणून नोंदविली.

ग्रंथालयाच्या वाचकांना अधिक जवळचा वाटेल तो हँक कॅप्लन. ब्रुकलिनमध्ये जन्मलेल्या आणि पुढे फ्लोरिडात स्थायिक झालेल्या या गृहस्थाने आयुष्यभर वर्तमानपत्रांची कात्रणे कापली. मोठ्या विजेत्यांची कोणीही कापतो. याने गल्लीबोळांतील सभागृहांत चार फेऱ्या लढून घरी गेलेल्यांचीही कापली. घर कागदांनी भरले. २००७ मध्ये तो वारला तेव्हा त्याच्या इच्छेनुसार हा सारा संग्रह ब्रुकलिन महाविद्यालयाच्या ग्रंथालयाकडे गेला : अडीच हजारांवर पुस्तके, लाखो छायाचित्रे, कात्रणांची शेकडो खोकी. आपले आजोबा मुष्टियुद्ध खेळत असत एवढेच ठाऊक असलेल्या नातवाला तेथे आजोबांची लढत सापडण्याचा संभव असतो. न्यूयॉर्क राज्यातील कॅनास्टोटा या लहानशा गावी १९८९ पासून मुष्टियुद्धाचे जे संग्रहालय आहे, तेथे तर मुष्टियोद्ध्यांच्या मुठींचे साचेच मांडून ठेवलेले आहेत. हातमोजा गेला, पट्टा विकला गेला, तरी मूठ केवढी होती ते दिसते.

वस्तुसंग्रहाच्या या हौसेत धोकाही असतो. मागणी वाढली की खोटी सही आणि खोटा हातमोजा तयार होतो. खऱ्या वस्तूभोवतीही कथा जमतात. १९६० च्या रोम ऑलिम्पिकमधील आपले सुवर्णपदक वर्णद्वेषाला विटून आपण ओहायो नदीत फेकले, असे मुहंमद अलीच्या १९७५ च्या आत्मचरित्रात आले. पदक केवळ हरवले होते, असेही पुढे सांगितले गेले. अटलांटाच्या १९९६ च्या ऑलिम्पिकमध्ये त्याला दुसरे पदक देण्यात आले. मूळ पदकाच्या जागी आता कथा आहे. आपल्याकडे २०२४ मध्ये लंडनच्या संग्रहालयातून साताऱ्यास वाघनख आले तेव्हा हाच प्रश्न उभा राहिला. ग्रँट डफच्या घराण्याकडून आलेल्या त्या वस्तूच्या पेटीवर तिची हकीगत कोरलेली आहे. पण त्या हकीगतीचा पुरावा देता येत नाही, असे त्या संग्रहालयानेच सांगितले. हत्यार स्वतः काही बोलत नाही, आणि त्याच्यासोबतचा कागद उशिराचा असेल तर तो किती मानावा हे प्रत्येकाने आपापल्या मगदुराप्रमाणे ठरविले. वज्रमुष्टीची शिंगे परदेशी संग्रहांतून आहेत, कोठे कोठे खाजगी घरांतूनही असतील. ती कोणाच्या मुठीवर होती हे सांगणारा कागद सोबत नसेल तर ती केवळ शिंगे आहेत.

मग बडोद्यातील जेठ्यांची नावे कायमची गेली, असे समजावे काय? तसे समजण्याची घाई करू नये. रूसले सांगतो त्याप्रमाणे विजयी मल्लाला इनाम मिळे. इनाम दिले की खर्च पडतो, आणि गायकवाडांच्या दरबारात खर्च पडला की तो लिहिला जाई. जुना कारभार मोडी लिपीतील मराठीत चाले. दसऱ्याचा पोशाख, मल्लांचा शिधा, दूध-बदाम-तूप, जखमांवरील औषध, हार, कडी यांपैकी जे जे सरकारी खर्चाने झाले ते ज्याच्या नावे टाकले त्याचे नाव कोठल्यातरी रुमालात बांधलेले असण्याचा पुष्कळ संभव आहे. बडोदा दफ्तरातील निवडक कागद १९३४ पासून खंडशः प्रसिद्ध झाले. पण त्यांची निवड साहजिकच राजकारणाच्या दृष्टीने झाली. तह, फौजा, कर्ज, रेसिडेंट यांच्या पत्रव्यवहारात जेठी मल्लाचा शिधा कोण शोधणार?

अडचण आहे ती शोधणाऱ्याची. मोडी सराईतपणे वाचणारी माणसे बडोद्यात कमी होत गेली. जी आहेत त्यांच्याकडे वारसाहक्काच्या आणि जमिनींच्या कागदांची रांग असते, आणि ते योग्यही आहे. त्याशिवाय घरोघरची सामग्री वेगळीच. जेठी कुटुंबांतील वंशावळ्या, दसऱ्याला देवीपुढे ठेवली जाणारी जुनी वज्रमुष्टी, आजोबांचे आखाड्यातील एखादे पिवळे छायाचित्र, तालमीच्या वर्गणीच्या वह्या, या गोष्टी संग्रहालयात पोहोचत नाहीत, कारण त्या घरांना त्यांचे ऐतिहासिक मोल कोणी सांगितलेले नसते. घर बदलताना, वाडा पाडून सदनिका बांधताना त्या रद्दीत जातात. एका माणसाने कात्रणे कापून ब्रुकलिनसाठी जे केले ते करण्यास राजाश्रय लागत नाही. लागते ती जागा, सवय आणि आपल्या पश्चात हे घेईल असे एक ग्रंथालय.

आज ही लढत जिवंत आहे ती म्हैसुरात. विजयादशमीच्या सकाळी राजवाड्याच्या अंगणात लाल मातीचा आखाडा तयार होतो. म्हैसूर, बंगळूर, चन्नपट्टण, चामराजनगर या गावांचे जट्टी मल्ल डोक्याचे मुंडण करून आणि शेंडी तेवढी राखून जोडीजोडीने उतरतात. उजव्या मुठीवर वज्रमुष्टी असते. राजघराण्यातील वारस उपस्थित असतात. पंच जवळ उभे असतात आणि कोणाच्याही कपाळावर रक्ताचा पहिला थेंब दिसताच लढत थांबते. कधी कधी ती मिनिटाभरातच संपते. नुनीशने पाहिलेल्या रक्तार्पणाचा एवढा अंश उरला आहे. मग अंबारीची मिरवणूक निघते आणि गर्दी तिकडे वळते. लढतीची बातमी म्हैसूरची वर्तमानपत्रे सहसा देतात, आणि तीत मल्लांची नावे आणि गावे छापलेली असतात.